दाराबाहेरचे बारा दिवस

माझा धंदा आवाजाचा. माहितीपट करणाऱ्यांसाठी साउंड रेकॉर्ड करते. माइक लावलेली बूमची काठी धरून धरून उजवा खांदा कायमचा दुखरा झालाय. शूटिंग आटोपलं की युनिटमधले सगळे सामान आवरायला धावतात, आणि नेमकी तेव्हाच मी ओरडते, "रूम टोन!" मग अर्धा मिनिट सगळ्यांनी जागच्या जागी गप्प उभं राहायचं आणि मी त्या खोलीची नुसती शांतता रेकॉर्ड करायची. एडिटिंगमध्ये दोन वाक्यांमधली भोकं बुजवायला ती लागते. दर खोलीची शांतता वेगळी असते, हे मी वीस वर्षं सांगत्येय. ऐकतं कोण!

ब्राझीलला जायचं ठरलं ते जॉर्ज गाशोमुळे. हा फ्रान्समध्ये जन्मलेला आणि झुरिकला राहणारा दिग्दर्शक. आधी त्याने पियानोवादक मार्था आर्गेरिचवर चित्रपट केला, मग ब्राझीलच्या संगीताने त्याला असं काही धरलं की एकामागून एक चार चित्रपट झाले: २००५ साली गायिका मारिया बेतानियावर, २०१० साली गायिका नाना काइम्मीवर, २०१४ साली सांबा आणि सांबागायक मार्तिन्यो दा व्हिलावर, आणि २०१८ साली गायक-गिटारवादक जुआंव जिल्बेर्तोवर. शेवटच्यात तर गंमतच आहे, कारण ज्याच्यावर चित्रपट आहे तो माणूस कुणाला भेटतच नाही. मार्क फिशर नावाचा जर्मन पत्रकार जिल्बेर्तोला शोधत रिओला गेला होता. भेट काही झाली नाही. त्या शोधावर त्याने पुस्तक लिहिलं आणि २०११ साली ते छापून यायच्या जेमतेम आधी तो वारला. गाशो त्या पुस्तकाचं बोट धरून तीच वाट पुन्हा चालतो. शेवट सांगत नाही, बघा.

हे चारही चित्रपट मी आधी प्रेक्षक म्हणून पाहिले आणि मग धंदेवाईक कानाने. मला जाणवलं ते असं, की हा माणूस प्रश्न विचारून कुणाला सोलत नाही. तालमीला जातो आणि कोपऱ्यात बसून राहतो. त्याच्यात दोष नाहीत असं नाही. डोंगर, समुद्र, केबल कार दिसली की त्याचा कॅमेरा कधी कधी पर्यटक होतो. पण गाणारी बाई माइकसमोर उभी राहून सुरू करण्याआधी जो श्वास घेते, तो त्याने कापलेला नाही. माझ्यासारखीला तेवढं पुरे.

ठरवलं, की त्या चित्रपटांतल्या जागी जायचं आणि प्रत्येक ठिकाणचा रूम टोन घेऊन यायचं. लोक फ्रिजला लावायला मॅग्नेट आणतातच की.

जाणाऱ्यांसाठी कामाची गोष्ट: व्हिसा लागतोच, पण पिवळ्या तापाची लस निघण्याच्या किमान दहा दिवस आधी घ्या आणि तिचं पिवळं कार्ड जिवापाड जपा. परत येताना आपल्याच विमानतळावर ते मागतात.

दिवस पहिला, शुक्रवार

ऑगस्ट २०२५. मुंबई, आदिस अबाबा, साओ पाउलो, रिओ. घड्याळ साडेआठ तास मागे आणि मी त्याहून मागे. कोपाकबानाला एका बाईंच्या फ्लॅटमधली मागची खोली घेतली होती. मला पोर्तुगीज येतं ते ॲपवर सहा महिने शिकले तेवढं. बाई काहीबाही भराभर बोलत होत्या, मी मान डोलवत होते. मग त्यांनी हात पुढे केला आणि म्हणाल्या, "आ शावी."

चावी! झोप उडाली. चावी आपल्याकडे पोर्तुगीजांकडूनच आली हे शाळेत कधीतरी वाचलं होतं, पण तेरा हजार किलोमीटरवर कुणीतरी ती हातावर ठेवते तेव्हा वेगळंच वाटतं. मग मला नादच लागला. सकाळी पाव, भाजीत बटाटा, पुसायला बादली, महिन्याला पगार. कोपऱ्यावरच्या रसाच्या दुकानात काजूचा रस प्यायले. आपण ज्याला बोंडू म्हणतो त्याचा. मूळ झाड इथलंच. कोकणात ते पाहुणं आलं आणि घरचं होऊन बसलं.

रात्री खोलीचा रूम टोन घेतला. फ्रिज, लिफ्ट, आणि खूप खाली समुद्र.

दिवस दुसरा, शनिवार

व्हिला इझाबेल. समुद्रापासून लांब, रिओच्या उत्तर भागातली वस्ती. नाव राजकन्या इझाबेलचं, जिने १८८८ साली गुलामगिरी रद्द करणाऱ्या कायद्यावर सही केली. मुख्य रस्त्याला नाव २८ सप्टेंबरचं. १८७१ साली त्या तारखेला, गुलाम आईच्या पोटी यापुढे जन्मणारं मूल स्वतंत्र राहील असा कायदा झाला होता. म्हणजे पत्ता सांगतानाच लोक इतिहास सांगतात.

त्या रस्त्याच्या फुटपाथवर काळ्यापांढऱ्या दगडांत गाण्यांची नोटेशन जडवलेली आहेत. पाच रेघा, सूर, सगळं. एके ठिकाणी दगड उखडलेत आणि एक अख्खा सूर गायब. त्यावरून एक आजोबा भाजीची ढकलगाडी नेत होते, खड्ड्यात चाक बरोबर तालावर दणकलं. पुढे नोएल रोझाचा पुतळा. हा संगीतकार १९३७ साली अवघ्या सव्वीसाव्या वर्षी क्षयाने गेला. तो टेबलाशी बसलाय, शेजारी वेटर उभा, आणि समोरची खुर्ची रिकामी आहे, कुणीही बसावं म्हणून. मी बसले. एक शाळकरी पोरगा आला आणि खुणेने म्हणाला, उठा, माझा फोटो राहिलाय.

रात्री सांबा स्कूलच्या मंडपात. स्कूल म्हणजे शाळा नव्हे. आपल्या गणपती मंडळाच्या आसपासचं काहीतरी, फक्त वर्षभर चालणारं आणि स्पर्धेत उतरणारं. व्हिला इझाबेलचं मंडळ १९४६ सालचं, रंग निळा-पांढरा, खूण मुकुट. मार्तिन्यो सैन्यात सार्जंट होता. १९६५ साली तो या मंडळात आला आणि वस्तीचं नावच आडनाव म्हणून लावू लागला. गुलामगिरी सुटल्याला शंभर वर्षं झाली त्या १९८८ साली, त्याने सुचवलेल्या विषयावर मंडळाने पहिलं विजेतेपद मिळवलं. पुढच्या कार्निव्हलचं गाणं कुठलं, याची चुरस या दिवसांत चालते. एकेका गाण्याचे समर्थक झेंडे घेऊन येतात. आपल्याकडच्या एकांकिका स्पर्धेत कॉलेजची पोरं येतात ना, तस्से.

मग वाद्यवृंद सुरू झाला. मोठ्या सुर्दू ढोलाचा ठोका कानात नाही, बरगडीत लागतो. त्याच्यावर ताम्बोरिंचा चटचटाट, मधूनच कुईकाचं ते माकडासारखं कण्हणं. मी रेकॉर्डर लावून मुग्ध. घरी येऊन पाहते तर पहिली अकरा मिनिटं फाटलेली! गेन, म्हणजे आवाज घ्यायची पातळी, खाली आणायला विसरले. वीस वर्षांचा अनुभव आणि शिकाऊ पोराची चूक. गाशोच्या ध्वनिमुद्रकाला तिथूनच नमस्कार केला. त्या गदारोळात त्या पठ्ठ्याने मार्तिन्योचं हळू, जवळजवळ आळशी बोलणं स्वच्छ पकडलंय.

दिवस तिसरा, रविवार

रविवारी समुद्राकडची सडक गाड्यांना बंद असते. सगळं कोपाकबाना चपला फटफटवत रस्त्यावर. पोस्तू सहा, म्हणजे जीवरक्षकांची सहावी चौकी, तिच्या बाजूला दोन पुतळे आहेत. एक कवी कार्लोस द्रुमोंद दी आंद्रादीचा. बाकावर बसलेला, समुद्राकडे पाठ करून. त्याचा चष्मा लोक पुन्हा पुन्हा चोरतात आणि नगरपालिका पुन्हा पुन्हा बसवते. मी गेले तेव्हा होता.

दुसरा दोरिव्हाल काइम्मीचा, गिटार घेऊन उभा. जवळच कोळ्यांची वसाहत आहे, जाळी वाळत पडलेली असतात. बाहिया राज्यातल्या कोळ्यांची गाणी आयुष्यभर गाणाऱ्या माणसाला जागा अगदी योग्य मिळाली. नाना ही त्याची मुलगी. ती लहान असताना त्याने तिच्यासाठी अंगाईगीत केलं आणि १९६० साली बापलेकीने ते एकत्र रेकॉर्ड केलं. १९६६च्या गाण्यांच्या महोत्सवात तिला पहिलं बक्षीस मिळालं आणि श्रोत्यांनी हुर्यो उडवली. गाशोच्या चित्रपटात ती साठी ओलांडलेली आहे, तोंडाने फटकळ. आवाज असा, की खर्जात उतरताना वाटतं आता तळ लागेल, आणि लागत नाही. २०२५ सालीच, १ मे रोजी, ती गेली. पुतळ्याच्या पायाशी कुणीतरी पिवळी फुलं ठेवली होती. बापासाठी की लेकीसाठी, विचारायचं भाषेमुळे राहिलं.

चौथा ते सहावा

पाऊस. अगदी आपला जुलै, फक्त भजी नाहीत. इपानेमात नाशिमेंतू सिल्व्हा रस्त्यावर १०७ नंबरची इमारत पाहिली. संगीतकार तोम जोबिम पन्नासच्या दशकात तिथे राहायचा. दुव्हिव्हिए रस्त्यावरच्या बाटल्यांच्या गल्लीतही गेले. क्लबांमधल्या गोंगाटाला वैतागून वरचे रहिवासी खाली बाटल्या फेकायचे, म्हणून हे नाव. दोन्हीकडे टोन घेतला, दोन्हीकडे बसच वाजते.

बेतानियाच्या सान्तु आमारूला जायचं मनात होतं. बाहियातलं छोटं गाव, तिचं आणि तिचा भाऊ काएतानु व्हेलोझोचं. पैसे आणि दिवस दोन्ही पुरेनात. सोडलं.

दिवस सातवा, गुरुवार

रात्रभर बस. पहाटे बेलो होरिझोंती, तिथून दुसरी बस.

दिवस आठवा, शुक्रवार

आता या प्रवासाचं खरं कारण सांगते.

जुआंव जिल्बेर्तो बाहियातल्या जुआझेरूचा. एकोणीस-वीस वर्षांचा असताना रिओला आला आणि एका गायकवृंदात लागला. कार्यक्रमाला दांड्या मारल्या म्हणून त्याला काढून टाकलं. पैसे नाहीत, काम नाही, मित्रांच्या घरी पडून राहायचं. तेव्हा तो त्या काळच्या पद्धतीप्रमाणे खुल्या आवाजात, सुराला कंप देऊन गायचा. १९५५ साली तो रिओ सोडून गेला आणि फिरत फिरत मिनास जेराइस राज्यातल्या डियामांतिनाला बहिणीच्या घरी येऊन राहिला. काही महिने तो गिटार घेऊन त्या घराच्या न्हाणीघरात बसायचा. बाहेर आला तो वेगळाच गवई होऊन. १९५८ साली त्याची तबकडी निघाली आणि बोसा नोव्हा ही गाण्याची नवी शैली सुरू झाली. आपल्याकडे कुमार गंधर्व आजारपणात देवासला पडून राहिले आणि उठले ते वेगळंच गाणं घेऊन, त्याची आठवण झाल्याशिवाय राहत नाही. कुमारांना डॉक्टरांनी गप्प बसवलं होतं, याला कुणी नाही.

गाशोही त्या न्हाणीघराच्या मागावर डियामांतिनाला जातो.

गाव बाराशे मीटरहून उंचावर, बोडक्या खडकाळ डोंगरांत. अठराव्या शतकात इथे हिरे सापडले. तोवर जगाला हिरे आपल्या गोवळकोंड्याकडून जायचे. इथली खाण लागली आणि आपला बाजार बसला. रस्ते गोट्यांचे, माझ्या चाकाच्या बॅगेने सगळ्या गावाला वर्दी दिली. पांढऱ्या भिंती, निळी-लाल दारं, आणि दोन इमारतींना रस्त्यावरून जोडणारा एक निळा लाकडी पूल.

उतरले ते जुन्या घरातल्या पौजादात. आपण घरगुती लॉज म्हणू. मालकीणबाई सत्तरीच्या, नाकावर चष्मा, हातात कायम फडकं. त्यांनी वीतभर लांब लोखंडी शावी दिली. जमीन लाकडी फळ्यांची, पाय टाकला की करकर. चहाबरोबर पाऊं दी केजू आले, म्हणजे चीजचे छोटे गोळे, टॅपिओकाच्या पिठाचे. आपला साबुदाणा ज्या कंदाचा तोच हा, आणि तो कंदही मूळ इकडचाच. क्षणभर वाटलं उपासाला चालेल. पण त्यात अंडं असतं.

बहिणीचं घर कुणाच्या तरी राहत्या संसारातलं. तिथे जाऊन बेल वाजवायची नाही हे मी मुंबईतच ठरवलं होतं. पण माझ्या खोलीचं न्हाणीघर उघडलं आणि थबकले. जमिनीपासून छतापर्यंत पांढऱ्या टाइल्स. जेमतेम दोन माणसं उभी राहतील एवढी जागा.

टाळी वाजवली. टण्ण करून परतली, दोनदा, तीनदा.

मोरीत गाणं चांगलं लागतं हे प्रत्येकाला माहीत असतं. आवाज भरदार होतो, आपण भीमसेन होतो. जिल्बेर्तोबद्दलही लोक तेच लिहितात, की टाइल्सचा घुमारा त्याला आवडला. मी रेकॉर्डर कमोडच्या झाकणावर ठेवला, दार लावलं आणि आधी मोठ्याने गायले. आईची एक ओवी, जी मला पूर्ण येते अशी एकच. सगळा चिखल! शब्दांवर शब्द चढले, एका सुराची शेपटी पुढच्याच्या तोंडात. कंप दिला तर आणखी वाईट, सूर नुसता गढूळ. मग आवाज अर्ध्यावर आणला. मग त्याच्याही अर्ध्यावर. बोलण्याच्याही खाली, पाळण्यातल्या पोराला उठू नये म्हणून गातो तसा. आणि तिथे ती खोली माझ्या बाजूने झाली. प्रत्येक अक्षर सुटं, ओठ मिटल्याचा आवाजसुद्धा. म्हणजे टाइल्स तुम्हाला मोठं करत नाहीत. तुम्ही ओरडलात तर शिक्षा करतात आणि हळू बोललात तर ऐकतात. त्या माणसाचा कंप कुठे गेला आणि त्याचा आवाज एवढा खाली का आला, हे मला पुस्तकांपेक्षा त्या कमोडच्या झाकणाने जास्त पटवलं. हा माझा तर्क. कुणी विद्वान भांडायला आला तर त्याला मी मोरीत नेईन.

ओवी तीन वेळा म्हटली, मग गप्प राहून नेहमीचा अर्धा मिनिट. नळ ठिबकत होता. बंद करायचा प्रयत्न केला, जमलं नाही.

दिवस नववा, शनिवार

सकाळी जुन्या बाजारात. पूर्वी खेचरांचे तांडे इथे उतरायचे. आता शनिवारी भाजी, चीज, ऊसाची दारू. कार्मूच्या चर्चचा मनोरा पुढे नाही, मागे आहे. सांगतात की हिऱ्यांच्या ठेकेदाराबरोबर राहणाऱ्या शिका दा सिल्व्हासाठी तो मागे नेला. मनोऱ्याच्या पुढे काळ्यांनी जायचं नाही असा नियम होता म्हणे. खरं असो नसो, गाव सांगतं तेव्हा बाईच्या बाजूने सांगतं.

संध्याकाळी वेस्पेराता. हंगामातल्या ठरावीक शनिवारी हा कार्यक्रम असतो. किटांदा रस्त्यावर टेबलं मांडतात आणि वादक बसतात आजूबाजूच्या घरांच्या सज्जांत. एका गच्चीत ट्रम्पेट, समोरच्या गच्चीत सनई जातीची वाद्यं, पलीकडे ढोल. संचालक खाली रस्त्याच्या मध्ये उभा राहून गोल गोल फिरत सगळ्यांना सांभाळतो. टेबलं कधीच विकली गेली होती, मी दोरीमागे उभी. तिथे मला संचालकाची कीव आली आणि आदरही वाटला. आवाजाला सतरा मीटर जायला सेकंदाचा विसावा भाग लागतो. म्हणजे लांबच्या सज्जातला माणूस जे ऐकून वाजवेल ते उशिराच येणार. त्यांनी एकमेकांचं ऐकायचंच नाही, फक्त त्याचा हात बघायचा. एका गाण्यात तिसऱ्या सज्जातला पोरगा शेजाऱ्याचं ऐकून बसला आणि घसरला. संचालकाने त्याच्याकडे नुसतं पाहिलं. पोरगं परत आलं.

शेजारच्या आजींनी माझा हेडफोन मागितला, कानाला लावला, आणि पुढची दोन गाणी परतच दिला नाही.

दिवस दहावा

निघताना मालकीणबाईंनी शावी घेतली, डब्यात चीजचे गोळे भरून दिले आणि गालाला गाल लावला. काहीतरी म्हणाल्या, त्यातलं "व्होज" एवढं कळलं. आवाज. माझा की बॅगेचा, देव जाणे. पुन्हा दोन बसा.

दिवस अकरावा, सोमवार

लेब्लों. जिल्बेर्तो उतारवयात रिओतल्या या भागात राहायचा. जेवण बाहेरून मागवायचा, मित्रांशी फोनवर तास तास बोलायचा आणि दार उघडायचा नाही. ६ जुलै २०१९ रोजी तो गेला. मग म्युनिसिपल थिएटरमध्ये त्याला लोकांसाठी ठेवलं. आयुष्यभर टाळलेले लोक शेवटी रांग लावून आले.

इमारत कुठली हे वॉचमनला विचारलं असतं तर त्याने सांगितलंही असतं. इथे त्यांना पोर्तेरू म्हणतात आणि त्यांना सगळं माहीत असतं. नाही विचारलं. एका बाकावर बसून रेकॉर्डर लावला. कुत्र्याच्या नखांची टकटक, लोखंडी फाटकाचा खटका, दुसऱ्या मजल्यावर बातम्या, कुणीतरी लसूण परततंय त्याची चुरचुर. चाळीस मिनिटं झाल्यावर बॅटरी संपली.

दिवस बारावा आणि नंतर

चावी पोर्तेरूकडे ठेवली, पिवळं कार्ड दाखवलं, घरी आले.

आठवड्याभराने स्टुडिओत बसून फायली लावल्या. व्हिला इझाबेलची अकरा मिनिटं पुसली. बाटल्यांच्या गल्लीतली बस पुसली. मग डियामांतिनाचं न्हाणीघर उघडलं. टाळी. माझं किंचाळणं, वगळून पुढे गेले. हळू ओवी सुरू झाली आणि तिच्या खाली काहीतरी होतं. आवाज वाढवला, पंखा बंद केला.

फळ्या करकरताहेत. दाराबाहेर, लांबून जवळ, चार पावलं. मग थांबतात. ओवी पहिल्यांदा होते, दुसऱ्यांदा होते, तिसऱ्यांदा होते, पलीकडे काही हलत नाही. मी गप्प होते. नळाचे अकरा थेंब मोजले. त्यानंतर पुन्हा करकर, हळूहळू, टाचा उचलून चालल्यासारखी, जवळून लांब.